द्राक्ष आणि मोह

साहित्य संमेलनाला गेलेला लेखक संमेलनाच्या मांडवात किती वेळ असतो आणि त्या गावात किती वेळ हिंडतो, ह्याचा हिशेब कुणी मांडू नये. ९४ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन २०२१ सालच्या डिसेंबरात, ३ ते ५ तारखांना, नाशिकला भरले. आमची नाकाडोंगरी महाराष्ट्राच्या पूर्व टोकाला, बावनथडी नदीच्या अलीकडे; नदीपलीकडे मध्य प्रदेश. तिथून तुमसर गाठायचे, तुमसर रोडला गाडी धरायची, सारी रात्र बाकावर काढायची, तेव्हा नाशिक रोड येते. इतक्या लांब येऊन नुसती भाषणे ऐकून परत फिरायचे हे मनाला पटेना. शिवाय नाशिकच्या एका ग्रंथालयात माझ्या दोन कादंबऱ्या आहेत असे कुणीतरी सांगितले होते. तेही पाहायचे होते. त्या होत्या. एकीवर तारखेचा एकही शिक्का पडलेला नव्हता.

संमेलन आटोपले तरी मी दोन दिवस मागे राहिलो. उतरलो होतो त्या लॉजच्या गल्ल्यापाशी एक छापील कागद चिकटवलेला होता : ‘अर्ध्या दिवसात नाशिक. पांडवलेणी, पंचवटी, काळाराम आणि वाइन टेस्टिंग. सोबत माहितगार.’ पहिली तीन नावे वाचून मी खिशात हात घातला आणि चौथे वाचून बाहेर काढला. मी प्राथमिक शाळेतला मास्तर. दारूच्या गुत्त्यावरून जाताना रस्त्याची दुसरी कड धरणारा. पण गल्ल्यावरचा मुलगा म्हणाला, “काका, वाइन म्हणजे काही दारू नाही.” हे वाक्य पुढे दोनच महिन्यांत मोठमोठ्या पुढाऱ्यांच्या तोंडी ऐकायला मिळाले; मला ते मंगळवारी सकाळी फुकट मिळाले होते. मी पैसे भरले.

गाडीत आम्ही चौदा जण. पुण्याची दोन कुटुंबे, मुंबईची काही तरुण मंडळी, एक गुजराती जोडपे आणि मी. साथीचे दिवस पुरते सरले नव्हते, म्हणून सर्वांच्या तोंडाला मास्क. माहितगार म्हणून आलेला मुलगा पंचविशीचा, सावळा, काटक. तो सर्वांना ‘सर’ आणि ‘मॅडम’ म्हणे. माझा धंदा कळल्यावर मला तेवढे ‘गुरुजी’ म्हणू लागला.

पांडवलेणी शहरापासून पाच मैलांवर, मुंबईच्या वाटेवर आहेत. डोंगराचे जुने नाव त्रिरश्मी. लेणी एकूण २४. पांडवांचा त्यांच्याशी काही संबंध नाही. ती बौद्ध भिक्षूंसाठी कोरलेली आहेत आणि त्यांतली महत्त्वाची लेणी दोन हजार वर्षांच्या आगेमागे आहेत. मुलाने मात्र पांडवांनी ती एका रात्रीत कोरल्याचे सांगितले. मंडळी खूश झाली, फोटो निघू लागले. मी गप्प राहून दहाव्या लेण्याच्या ओसरीत गेलो. मी इतिहासाचा पंडित नव्हे. माझे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. पण महामहोपाध्याय वा. वि. मिराशी आमच्या नागपूरचे. त्यांनी सातवाहनांच्या आणि क्षत्रपांच्या कोरीव लेखांवर मराठीत लिहिलेला ग्रंथ मी तुमसरच्या एका स्नेह्याकडून आणून दोन उन्हाळ्यांत वाचून काढला होता. ते लेख भिंतीवर समोर दिसताच ओळखीचे माणूस परमुलखात भेटावे तसे झाले.

मुलगा मागून आला. हळूच म्हणाला, “गुरुजी, तिथे खरं काय लिहिलं आहे?”

मी त्याला सांगितले ते वाचकांनाही सांगतो. पुढे त्याचे काम पडणार आहे. क्षत्रप नहपान ह्याचा जावई उषवदात, दीनिकाचा मुलगा, ह्याने हे लेणे दिले. लेणे दिले म्हणजे भिक्षूंच्या कपड्यालत्त्याची तजवीज हवी. म्हणून ४२ व्या वर्षी त्याने ३००० कार्षापण गोवर्धन गावच्या विणकरांच्या श्रेणींकडे ठेव म्हणून ठेवले. २००० एका श्रेणीकडे, शेकडा एक व्याजाने. १००० दुसऱ्या श्रेणीकडे, शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत घ्यायचे नाही, व्याज तेवढे खायचे. पहिल्या ठेवीच्या व्याजातून वर्षावासात राहणाऱ्या २० भिक्षूंना प्रत्येकी १२ कार्षापण चीवरासाठी. आता गणित करा. दोन हजारांना दरमहा शेकडा एक म्हणजे महिन्याला २०, वर्षाला २४०. वीस भिक्षू गुणिले बारा, २४०. एक कवडी इकडेतिकडे नाही. हे उदाहरण मी पाचवीच्या वर्गाला दर वर्षी घालतो आणि दर वर्षी चार पोरे तरी चुकतात. दगडावर कोरणाऱ्याचे चुकलेले नाही.

मुलगा म्हणाला, “म्हणजे बँकच की.”

म्हटले, बँकच. पण ठेव ठेवणाऱ्याचे नाव भिंतीवर आहे, त्याच्या सासऱ्याचे आहे, बापाचे आहे. ज्यांनी माग चालवून दर महिन्याला वीस कार्षापण काढले त्यांतल्या एकाही विणकराचे नाव नाही.

तिथून आम्ही तिसऱ्या लेण्यात गेलो. नहपानाचे राज्य गौतमीपुत्र सातकर्णीने बुडवले. त्याचा पुरावा नाशिकजवळच जोगलटेंभीला १९०६ साली सापडला : नहपानाची तेरा हजारांवर चांदीची नाणी, आणि त्यांतल्या नऊ हजारांवर नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला छाप पुन्हा मारलेला. त्याच्या आईने, गौतमी बलश्रीने, नातवाच्या राज्याच्या १९ व्या वर्षी कोरवलेल्या लेखात मुलाच्या घोड्यांनी तीन समुद्रांचे पाणी प्यायल्याचे म्हटले आहे. ते सर्व पाठ्यपुस्तकांत येते. मला त्याच ओसरीतला दुसरा लेख अधिक ओढतो. गौतमीपुत्राने १८ व्या वर्षी गोवर्धनच्या अमात्याला हुकूम पाठवला की जे शेत कालपरवापर्यंत उषवदाताकडे होते ते ह्या भिक्षूंना दिले आहे. सहा वर्षांनी दुसरा हुकूम : ते शेत कसले जात नाही, ते गाव वसलेले नाही, म्हणून दुसरे शेत देतो. लढाई झाली, राजा बदलला, आणि गाव ओस पडले, एवढे त्या दोन ओळींवरून कळते. आणखी एक गोष्ट. दिलेल्या शेताला ज्या सवलती लावून दिल्या, त्यांत पहिली अशी की त्यात राजाच्या माणसांनी शिरायचे नाही. आणि तिथले मीठ राजासाठी खणायचे नाही.

राजाच्या माणसांनी शिरायचे नाही, हे शब्द मनात ठेवून मी पायऱ्या उतरलो. उतरण्याआधी मात्र मुलाला सतरावे लेणे दाखवले. ते एका यवनाचे आहे. उत्तरेकडच्या दत्तामित्री गावचा योनक, धर्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त, ह्याने ते कोरवले आणि पाण्याच्या टाक्या, लेखातला शब्द ‘पोढी’, खोदून दिल्या. द्राक्षांचे मद्य पिणाऱ्या लोकांतला हा मनुष्य. आमच्या डोंगरावर त्याने आपल्या मागे ठेवले ते पाणी.

द्राक्षाचे मद्य तेव्हा इथे येत होते का? येत होते. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक खलाशाने लाल समुद्रापासून आपल्या किनाऱ्यापर्यंतच्या व्यापाराची माहिती लिहून ठेवली आहे. ‘पेरिप्लस’ म्हणून ती प्रसिद्ध आहे. भडोचच्या बंदरात काय उतरते त्याची यादी तो देतो. त्यात मद्य आहे. इटलीचे अधिक पसंत, पण लाओदिकियाचे आणि अरबस्तानचेही. राजासाठी वेगळा माल : चांदीची भांडी, गाणारी मुले, देखण्या दासी आणि उंची मद्य. ज्या राजाचे नाव तो घेतो तो नहपानच, असे पुष्कळ अभ्यासक मानतात. म्हणजे जावई नाशिकला भिक्षूंच्या वस्त्रांची सोय लावत होता तेव्हा सासऱ्याच्या घरी इटलीच्या सुरया फुटत होत्या! सांकलियांनी १९५४ ते १९५६ ह्या काळात नेवाशाला उत्खनन केले, त्यात अशा दोन कानांच्या उंच सुरयांची खापरे मिळाली. पश्चिम किनाऱ्यावरच्या अशा खापरांपैकी काही रोमची नसून इराणी आखाताकडून आलेल्या बरण्यांची आहेत, असे पुढच्या अभ्यासकांनी दाखवले. कुठूनही येवोत, आत भरलेले मद्य दोन हजार वर्षांपूर्वी आटले, पण खापर आहे म्हणून इतिहास आहे.

पंचवटीत आम्हांला पाऊण तास दिला होता. रामकुंडावर गर्दी, सीतागुंफेला रांग. नारोशंकराच्या देवळावरची घंटा पाहिली. ती पोर्तुगीज घंटा वसईच्या १७३९ च्या विजयातली लूट म्हणून सांगतात. काळारामाचे देऊळ सरदार रंगराव ओढेकरांनी बांधले, काळ्या दगडाचे, देखणे. मुलाने दगड किती आणि खर्च किती ते सांगितले. ज्या दरवाज्यापाशी २ मार्च १९३० रोजी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह सुरू झाला, दादासाहेब गायकवाडांनी जो पुढे वर्षानुवर्षे चालवला, त्याविषयी तो काही बोलला नाही. मी विचारले तेव्हा म्हणाला, “माहीत आहे गुरुजी. पण फिरायला आलेल्या लोकांना ते ऐकायचं नसतं.” ह्यावर मी काय बोलणार? मी आत गेलो, दर्शन घेतले, आणि बाहेर येऊन त्या दरवाज्याच्या उंबऱ्यावर थोडा वेळ उभा राहिलो.

मग गाडी गंगापूर रस्त्याला लागली.

रस्त्याच्या दोन्ही अंगांना द्राक्षांचे मांडव. संमेलनाच्या आदल्या दिवशी अवेळी पाऊस झोडपून गेला होता. मणी तडकले होते, बागांत माणसे खाली मान घालून हिंडत होती. मुलगा वाइनची माहिती सांगू लागला आणि इथे त्याचा आवाज बदलला. हे त्याने नीट पाठ केले होते. महाराष्ट्रात द्राक्षाचे फेसाळ मद्य काढण्याचा मोठा उद्योग १९८० च्या दशकात नारायणगावच्या बाजूला निघाला. नाशिकचे नाव झाले ते पुढे. राजीव सामंत नावाचे गृहस्थ अमेरिकेतली नोकरी सोडून आले, वडिलोपार्जित जमिनीवर त्यांनी वाइनची द्राक्षे लावली, कॅलिफोर्नियाच्या जाणकाराचा सल्ला घेतला, १९९९ साली ‘सुला’ ही कंपनी उभी राहिली आणि २००० साली पहिली वाइन बाजारात आली. सुला हे नाव त्यांच्या आईच्या, सुलभा ह्या नावावरून. २००५ साली तिथे लोकांनी येऊन चव घ्यावी म्हणून दालन उघडले. मधल्या काळात २००१ साली राज्य शासनाने द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचे धोरण जाहीर केले, राज्यातल्या द्राक्षांच्या वाइनला अबकारी कर माफ केला, विंचूर आणि पलूस येथे वाइन पार्क काढले. शेतकऱ्याच्या मालाला भाव मिळावा हा हेतू. हेतू वाईट नाही. तडकलेले मणी पाहत असताना तर मला तो अगदी पटला.

गाडी वळून थांबली. समोर टेकडीच्या उतारावर वेलींच्या रांगा, पलीकडे गंगापूर धरणाचे पाणी. मी सहज विचारले, “हे गाव कोणते रे?”

“गोवर्धन, गुरुजी.”

मी त्याच्याकडे पाहिले, त्याने माझ्याकडे पाहिले. सकाळचे नाव त्याच्याही ध्यानात आले असावे. नाशिकच्या पश्चिमेला सहा मैलांवरचे हे गोवर्धन तेच लेखांतले गोवर्धन, असे जुन्या गॅझेटियरपासून मानीत आले आहेत. अमात्य इथे राहत होता. विणकरांच्या श्रेणी इथे माग चालवीत होत्या. इथल्या व्याजावर डोंगरावरचे वीस भिक्षू पावसाळा काढीत होते. आता इथे मागाचा आवाज नाही. आहे तो पाहुण्यांच्या मोटारींचा. गावाचे दैव कसे फिरते पाहा. दोन हजार वर्षांपूर्वी परक्या मद्याच्या सुरया भडोचला उतरून ज्या मुलखाच्या धन्याकडे जात, त्याच मुलखातल्या गावाहून आज बाटल्या परदेशी जातात.

वाइन टेस्टिंग म्हणजे काय ते मी पहिल्यांदा पाहिले. एका लांब ओट्यापाशी आम्हांला उभे केले. देठाचे पेले. एका नीटनेटक्या तरुणाने थोडी थोडी वाइन ओतली आणि पेला देठाला कसा धरायचा, तिरपा करून रंग कसा पाहायचा, गोल फिरवून वास कसा घ्यायचा, घोट जिभेवर कसा खेळवायचा हे शिकवले. पेरूचा वास येतो का, सिमला मिरचीचा येतो का, विचारले. मुंबईची मंडळी मान डोलवू लागली. पुण्याच्या वहिनींनी पदर तोंडाला लावून हसत एक घोट घेतला आणि नवऱ्याला म्हणाल्या, “कोकम सरबत परवडलं.” शिक्षक म्हणून मला ती शिकवण्याची रीत आवडली. घाई नाही, धाक नाही, चुकले तर हसणे नाही. मी घेतली का? घेतली. दोन घोट पांढरी, एक घोट तांबडी. पांढरी आंबटसर, थंड. वास घेताना मला पेरू आला नाही, मिरची आली नाही. मला आमच्या माजघरातला आंबूस, गोड वास आला. मोहाच्या भिजवलेल्या फुलांचा.

आता आमच्या मुलखात यावे लागेल. झाडीपट्टीत मोहाचे झाड म्हणजे दुसरी गाय. फाल्गुन-चैत्रात पहाटे फुले गळतात. झाडाखालचा पाचोळा जाळून, झाडून जागा साफ ठेवायची आणि उजाडायच्या आत टोपल्या घेऊन जायचे. पिवळट पांढरी, रसाने टच्च भरलेली फुले. वाळली की मनुकांसारखी होतात. ती भाजून खातात, भाकरीत घालतात, जनावरांना देतात, बियांचे तेल काढतात. आणि हो, गाळतातही. फुले आंबवली की सडवा, सडवा भट्टीवर चढवला की धार. पहिल्या धारेची देवाला. आमच्या घरी बापजाद्यांपासून देवापुढे ती लागे.

मी चौथीत होतो. एका सकाळी अंगणात जीप आली. कोणत्या खात्याची हे मी लिहीत नाही. ती माणसे आता निवृत्त झाली असतील. त्यांनी माजघरातला हंडा बाहेर आणून दगडावर आपटला. सडवा वाहत वाहत तुळशीपर्यंत गेला. वाळलेल्या फुलांची दोन पोती उचलली. आजोबांना जीपमध्ये बसवले. आजी दारात उभी राहून एवढेच म्हणाली, “फुलं का चोरलीत आमी? झाड का सरकारचं होय?” कुणी उत्तर दिले नाही. आजोबा तिसऱ्या दिवशी आले. दंडासाठी एक गोऱ्हा विकावा लागला. त्यानंतर ते कुणाकडे तेरवीलासुद्धा पुढे बसले नाहीत. लोक काही म्हणत नव्हते. घरोघरी हंडे होते.

झाड सरकारचे होय का, ह्या आजीच्या प्रश्नाला इतिहासात उत्तर शोधावे असे मला मोठेपणी वाटले. उत्तर सरळ नाही. मद्य हा राजाच्या उत्पन्नाचा विषय फार जुना. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात सुराध्यक्ष नावाचा अधिकारीच आहे; दारू कोणी गाळावी, कुठे विकावी, पिणाऱ्यावर नजर कशी ठेवावी, सारे त्यात आहे. द्राक्षाच्या मद्याला तो ‘मधु’ म्हणतो आणि ते ज्या देशांतून येते त्यांवरून कापिशायन आणि हारहूरक अशी नावे देतो. म्हणजे द्राक्षाला तेव्हाही गावाच्या नावाची चिठ्ठी होती. पण त्याच प्रकरणात एक बारीक दार उघडे ठेवले आहे : उत्सव, समाज, यात्रा अशा प्रसंगी चार दिवस लोकांना मद्य गाळण्याची मोकळीक द्यावी, कुटुंबांनाही कारणापुरती घरी करण्याची मुभा असावी.

दुसरे दार तर आमच्या अंगणातलेच. तुमसरहून आमच्या बाजूने जाणारा लोहमार्ग मँगनीजच्या खाणींजवळून तिरोडीला जातो. त्या तिरोडीला वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन ह्याचा ताम्रपट मिळाला; काळ इसवी सनाचे पाचवे शतक. ह्या राजाच्या दानपत्रांत दिलेल्या गावाला लावायच्या सवलतींची एक ठरावीक माळ येते. राजाचे शिपाई-प्यादे ह्या गावात शिरणार नाहीत, हे एक. आणि मीठ व आंबवलेले मद्य ह्यांवरचा राजाचा हक्क ह्या गावात चालणार नाही, असा अर्थ अभ्यासकांनी ज्याचा लावला आहे असे दुसरे. हे वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवले. दान ब्राह्मणाला असे, मोहवाल्याला नव्हे, हे मला कळते. तरी ज्या मातीत आजीचा हंडा फुटला त्या मातीच्या आसपास दीड हजार वर्षांपूर्वी एका राजाने तांब्यावर कोरून दिले होते की माझी माणसे इथे शिरणार नाहीत. नाशिकला भिंतीवर ‘शिरायचे नाही’ वाचून मी थबकलो तो ह्यामुळे.

ही दारे बंद झाली ती इंग्रजी अमलात. मुंबई इलाख्यात १८७८ च्या अबकारी कायद्याने घरोघरची भट्टी गुन्हा ठरली, दारू ठेकेदाराच्या कारखान्यातलीच प्यायची झाली. तेवढ्याने भागेना म्हणून १८९२ साली खास मोहफुलांचा कायदा झाला आणि ठाणे-कुलाबा भागांत फुले बाळगण्यावरच बंधन आले. आमच्या मध्य प्रांतात १९१५ चा अबकारी कायदा. हेतू नीतीचा सांगितला गेला. रक्कम तिजोरीत जमा झाली. स्वराज्य येऊ घातले तेव्हा गांधीजींच्या शिकवणीने मध्य प्रांत-वऱ्हाडात १९३८ साली दारूबंदीचा कायदा आला, मुंबई राज्यात १९४९ साली. भंडारा १९५६ साली मुंबई राज्यात गेला आणि १९५९ साली तो मुंबईचा कायदा आम्हांला लागू झाला. त्या कायद्याप्रमाणे पिणाऱ्याजवळ परवाना लागतो, आजही लागतो. गोवर्धनच्या ओट्याशी मला तो कुणी विचारला नाही. मीही आठवण करून दिली नाही.

वाचकांनी गैरसमज करून घेऊ नये. मी दारूचा वकील नाही. खाणीच्या वस्तीत पगाराच्या रात्री काय चालते ते मी पाहिले आहे. माझ्या वर्गातली दोन हुशार मुले बापाच्या पिण्यापायी शाळा सोडून गेली. गडचिरोलीच्या बायाबापड्यांनी झगडून १९९३ साली जिल्ह्यात दारूबंदी आणवली. गावोगाव बायकांनी मतदान करून ‘आडवी बाटली’ निवडून आणली. ह्या बायांपुढे मी मान खाली घालतो. माझे म्हणणे वेगळे आहे. ज्या दुकानांविरुद्ध त्या लढल्या ती परवान्याची होती. आजीचा हंडा बिनपरवान्याचा होता. फुटला तो हंडा.

परतीच्या गाडीत मुलगा माझ्या शेजारी येऊन बसला. मी त्याला गाव विचारले. “पेठकडचं, गुरुजी. डोंगरात.” मग जरा थांबून, पुढच्या बाकावर ऐकू जाणार नाही अशा बेताने, “आमच्याकडे पण मोह आहे.” तिकडे कोकणा लोकांची वस्ती, मोहाची झाडे भरपूर, हे मला ठाऊक होते. मी म्हटले, तुझ्या त्या वासांच्या यादीत मोह का नाही? तो हसला. म्हणाला, “एकदा एका सरांनी विचारलं होतं, ह्या वाइनला कसला वास येतो. माझ्या तोंडून मोहाचा म्हणून निघून गेलं. सगळे हसले. वरून मला समज मिळाली.” मुंबईच्या मंडळींनी डब्यातल्या डब्यात घेतलेल्या बाटल्या खुळखुळत होत्या. तो उठून त्या नीट लावायला गेला.

त्या एका हंगामात काय काय झाले पाहा. २०२१ च्या मे महिन्यात महाराष्ट्र शासनाने मोहफुले गोळा करण्यावरचे आणि साठवण्यावरचे निर्बंध उठवले. नोव्हेंबरात मध्य प्रदेशात मोहाच्या दारूला वारशाचा मान देऊन ती विकण्याची घोषणा झाली. पुढे अलिराजपूर आणि दिंडोरी भागांतल्या आदिवासी बचत गटांनी ती बाटल्यांत भरली. तिकडे आदिवासींना घरच्यापुरती गाळण्याची मुभा आधीपासून कायद्यात आहे. गोव्याच्या काजूच्या फेणीला तर २००९ सालीच भौगोलिक मानांकन मिळाले. आणि मी नाशिकहून परतल्यावर, २७ जानेवारी २०२२ रोजी, महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने मोठ्या किराणा दुकानांतून वाइन विकायला संमती दिली. केवढा गदारोळ झाला! अण्णा हजारे उपोषणाला बसतो म्हणाले, ‘वाइन म्हणजे दारू नव्हे’ असे दुसरी बाजू म्हणाली, आणि तो निर्णय अमलात न येता राहिला. त्या सगळ्या वादात मोहाचे नाव निघाले ते ‘हातभट्टी’ ह्या शब्दापुरते.

हालाच्या गाथांत मोहाचे झाड येते, त्याची फुले येतात, गोदावरीही येते. प्राकृत कवींना मोह परका नव्हता. पण इतिहासाला खापर लागते. इटलीचे मद्य जाड सुरयांत आले, बंदराच्या यादीत चढले, राजाच्या घरी गेले. म्हणून नेवाशाच्या मातीत त्याची साक्ष राहिली. गोवर्धनच्या बाटलीवर वर्ष आहे, द्राक्षाची जात आहे, गाव आहे. मोहाचा हंडा स्वयंपाकाचाच हंडा. तो फुटला तर कोण उचलून जपणार? आमच्या परसात तुळशीमागे ती खापरे अजून असतील. आजीने ती तिथेच पुरली होती. उद्या कुणी उकरली तर वरणाचे भांडे म्हणून बाजूला ठेवील.

नाशिकहून मी बाटली आणली नाही. त्या मुलाला मात्र लेखांच्या वाचनाची एक नक्कल पोस्टाने पाठवली. त्याने कळवले की तो आता पांडवांची गोष्ट सांगून झाल्यावर विणकरांचे गणित घालतो, आणि पुण्याची माणसे ते लवकर सोडवतात.

इकडे फाल्गुन लागला. मोह पडू लागला की आमच्या शाळेत पहिल्या तासाला निम्मी मुले नसतात. मग धापा टाकीत येतात. हात चिकट, कपड्यांना तो वास. ह्या दिवसांत हजेरी मी दुसऱ्या तासाला घेतो.